मदत हवी आहे : फ्रान्सिस वेबेर, नाटक ते पटकथा

पटकथेच्या अभ्यासगटासाठी फ्रेंच नाटककार-पटकथाकार वेबेरची, नाटकावरून चित्रपट केलेली दोन रूपांतरं शेजारी ठेवून वाचायची आहेत. ‘लामेर्दर’ (१९७३) त्याच्याच नाटकावरून आला : हॉटेलातला भाडोत्री मारेकरी आणि शेजारच्या खोलीतला, जीव द्यायला निघालेला फ्रान्स्वा पिन्यों. ‘ल दिने द काँ’ हे १९९३चं नाटक, १९९८चा चित्रपट. त्याच्या पटकथेला सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला. हिंदीतला ‘भेजा फ्राय’ (२००७) त्याच्यावरच बेतलेला.

अडचण अशी : ‘ल दिने द काँ’च्या चित्रपटात सुरुवातीला बाहेरचे प्रसंग जोडलेत, मग बहुतेक खेळ एकाच फ्लॅटमध्ये आणि फोनवर. जागा फार बदलल्या तर कोंडी सुटते, विनोद पडतो. म्हणून नाटकाची छापील संहिता आणि पटकथा, दोन्ही हव्यात. नुसती सबटायटल्स पुरत नाहीत, त्यांत संवाद आखडतात. इंग्रजी किंवा मराठी अनुवाद कुठे मिळेल? आणि फोनचा कोणता प्रसंग आधी घ्यावा?