अग्नी आणि हिम यांचा महाल: विरोधी तत्त्वांची वास्तू विश्वसनीय कशी करावी?

निशिगंध
मी एक दीर्घ अद्भुतकथा लिहीत असून तिचा बहुतेक भाग एकाच महालात घडतो. महालाचा उत्तरेकडील अर्धा भाग बर्फाचा आहे, दक्षिणेकडील अर्धा भाग अजून पुरता न थिजलेल्या लाव्हाचा आहे आणि मधल्या दरबारात हे दोन्ही भाग एकमेकांना भिडतात. दोन वैरी घराण्यांच्या तहातून ही वास्तू उभी राहिली, अशी कल्पना आहे. पहिली पाच प्रकरणे ज्या दोघांनी वाचली त्या दोघांनीही एकच शंका काढली: बर्फ वितळत कसा नाही? ‘मंत्रबळाने’ एवढेच उत्तर मी दिले, परंतु ते देताना माझेच समाधान झाले नाही, कारण वितळण्याचे भयच काढून घेतले तर बर्फ आणि काच यांत फरक तो काय उरला? तत्त्वांचे वैर खरे वाटावे आणि तरीही महाल पिढ्यान्‌पिढ्या टिकावा, यासाठी काय करावे?

कोनशिला
वाचकांची शंका रास्त आहे, मात्र आगीजवळचा बर्फ बघता बघता नाहीसा होतो हे तिच्यामागचे गृहीतक तितकेसे खरे नाही. शून्य अंशावरच्या १ किलो बर्फाचे त्याच तापमानाचे पाणी व्हायला सुमारे ३३४ किलोज्यूल उष्णता लागते. तेवढ्या उष्णतेत तेच पाणी पुढे जवळजवळ ८० अंशांपर्यंत तापले असते. २० मीटर लांब, ५ मीटर उंच आणि १ मीटर जाड अशी भिंत घेतली, तर तिचे वजन ९० टनांहून थोडे अधिक भरते, आणि साधारण २ टन सुके लाकूड जाळून निघालेली सगळीच्या सगळी उष्णता तिच्यात शिरली तरच ती पुरती वितळते. प्रत्यक्षात बरीच धग वर निघून जाते. दक्षिणेकडून लाव्हाही मदतच करतो, कारण त्याचा पृष्ठभाग थंड होताच त्यावर काळी साय धरते आणि ती आतली उष्णता आतच कोंडून ठेवते. शिवाय तापलेल्या तव्यावर पडलेला पाण्याचा थेंब जसा स्वतःच्याच वाफेवर तरंगत नाचतो (लायडेनफ्रॉस्ट या जर्मन वैद्याने १७५६ साली या प्रकाराचे वर्णन केले), तसाच वाफेचा एक पातळ पदर दोन तत्त्वांच्या सीमेवर तयार होऊ शकेल. आपला दरबार त्यामुळे कायम धुक्यात असेल, आणि समोरासमोर बसलेल्या दोन वैऱ्यांना एकमेकांचे चेहरे कधीच स्पष्ट दिसणार नाहीत. मला तरी ही जागा कथेच्या दृष्टीने फार मोलाची वाटते.

मला स्वतःला अधिक सतावणारा प्रश्न वेगळा आहे: वितळलेले पाणी जाते कुठे? आइसलँडमध्ये ३० सप्टेंबर १९९६ रोजी वात्नायोकुल या विस्तीर्ण हिमाच्छादनाखाली ज्वालामुखीचा उद्रेक झाला. वितळलेले पाणी लगेच बाहेर आले नाही. ते बर्फाखालच्या ग्रिम्सव्होत्न सरोवरात महिन्याहून अधिक काळ साचत राहिले आणि ५ नोव्हेंबरला महापूर होऊन फुटले, तेव्हा वाटेतले पूलही वाहून गेले. आपल्या महालाचा धोका भिंतीत शोधू नका, तो फरशीखाली आहे.

दीपमाळ
कोनशिला यांनी वास्तू कशी टिकेल ते सांगितले. ती कोणी आणि कशासाठी बांधली, याकडे मी लक्ष वेधू इच्छिते. १७४० च्या हिवाळ्यात रशियाची सम्राज्ञी ॲना इव्हानोव्हना हिने सेंट पीटर्सबर्गमध्ये खरोखरीच बर्फाचा महाल उभारला होता. तिथल्या शेगडीत बर्फाचेच ओंडके रचले होते आणि त्यांवर खनिज तेल चोपडून ते पेटवले जात. बर्फाच्या हत्तीच्या सोंडेतून दिवसा पाणी उडे आणि रात्री जळते तेल. आणि या साऱ्या नवलाईत, सम्राज्ञीची खप्पामर्जी झालेल्या एका सरदाराला त्याच्या नववधूसह लग्नाची रात्र त्या महालात काढावी लागली. ते ओंडके मला सुंदर वाटतात आणि त्या रात्रीचा विचार मनात आला की अंगावर काटा येतो. आपल्या महालातही या दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी असाव्यात.

आपल्याकडची मयसभाही येथे आठवावी. खांडववनाच्या आगीतून वाचलेल्या मयासुराने ती चौदा महिन्यांत बांधली. तिथे स्फटिकाची जमीन पाहून दुर्योधनाने वस्त्रे सावरली आणि जमीन समजून तो खऱ्या पाण्यात पडला. तेथील विरोध तत्त्वांमध्ये नव्हताच. तो पाहणाऱ्याच्या नजरेत होता, आणि म्हणूनच त्याचा परिणाम वैरावर झाला.

अनामिक वाटसरू
मी थोडा मतभेद नोंदवतो. अद्भुतकथेच्या वाचकाला उष्णतेचे गणित नको असते, नियम हवा असतो, आणि त्या नियमाची किंमत कोणीतरी मोजताना दिसायला हवी असते. ‘मंत्रबळाने’ हे उत्तर अपुरे वाटले ते त्यासाठी कोणालाच काही गमवावे लागत नाही म्हणून. एक नियम ठरवा, तो एकदाच सांगा आणि मग तो कधीही मोडू नका.

निशिगंध
तिघांचीही मनःपूर्वक आभारी आहे. आपली मते मला परस्परविरोधी न वाटता एकाच दिशेने जाणारी वाटली. मंत्र मी काढून टाकत आहे. फरशीखालचे पाणी रोज रात्री उपसणारे आणि त्याच पाण्याने उत्तरेकडच्या भिंती पुन्हा थापणारे पाणके हे कथेतले तिसरे घराणे असेल. त्यांचा उल्लेख तहात कुठेही नाही, आणि दोन्ही वैऱ्यांपैकी कोणालाही त्यांची नावे ठाऊक नाहीत. सहाव्या प्रकरणात एके रात्री पाणके कामावर येत नाहीत. कोनशिला यांना एकच विचारायचे आहे: पाणी साचू लागल्याची पहिली खूण महालातल्या माणसांना कोणती दिसेल?

कोनशिला
ओल दिसणार नाही, गळतीही नाही. १ घनमीटर बर्फाचे वजन ९१७ किलो, तर तेवढ्याच पाण्याचे १,०००. त्यामुळे खाली पाणी पुरेसे चढले की अख्खा उत्तरेकडचा भाग तरंगू पाहील आणि अगदी थोडासा, बोटभर उचलला जाईल. दरबारात कोणाला काही कळणार नाही, पण दोन्ही भागांना जोडणारी दारे त्या रात्री घट्ट बसू लागतील.