फेरिटिन नॉर्मल, म्हणून लोह पुरेसं?

ताई, तुम्ही लिहिलंय की आईंचं हिमोग्लोबिन ८.६, सीआरपी (संसर्ग किंवा सूज असली की वाढणारं रक्तातलं प्रथिन) वाढून ५२, पण फेरिटिन नॉर्मल. मग लोहाच्या गोळ्या बंद कराव्यात का? कृपया स्वतःहून बंद करू नका, आधी डॉक्टरांशी बोला.

फेरिटिन लोहाचा साठा सांगतं हे खरं, पण अंगात संसर्ग किंवा आतली सूज (इन्फ्लेमेशन) असली की साठा रिकामा असूनही ते वाढतं. त्याच वेळी यकृत हेपसिडिन नावाचं संप्रेरक सोडतं आणि लोह पेशींत कोंडून ठेवतं, जंतूंच्या हाती लागू नये म्हणून.

मी सोलापुरात लॅबमध्ये काम करते. ईएसआर म्हणजे तांबड्या पेशी तासाभरात किती खाली बसतात ते मोजणारी चाचणी. तिच्या नळीत ही आतली सूज डोळ्यांना दिसते. सुजेमुळे रक्तातलं फायब्रिनोजेन हे प्रथिन वाढलं की तांबड्या पेशी कडक भाकरीच्या चवडीसारख्या एकीवर एक चिकटतात, जड होतात आणि भराभर खाली बसतात. तासाभराने वर नुसता पिवळसर प्लाझ्मा उरतो. बोटभर उंच प्लाझ्मा दिसला की मला त्या पेशंटची काळजीच वाटते.

सीआरपी १९३० मध्ये टिलेट आणि फ्रान्सिस यांना न्यूमोनियाच्या रुग्णांच्या रक्तात सापडलं. ते जंतूला चिकटून पांढऱ्या पेशींसाठी खूण करतं. संसर्ग आटोक्यात आला की दर १९ तासांनी साधारण निम्मं होतं. ईएसआर मात्र आठवडे रेंगाळतो. म्हणून सीआरपी उतरल्यावर फेरिटिन पुन्हा करा, सोबत ट्रान्सफेरिन सॅच्युरेशनही (रक्तातून लोह वाहून नेणारं प्रथिन लोहाने किती भरलंय ते). आणि अल्ब्युमिन हे रक्तातलं प्रथिन थोडं कमी आलं असेल तर लगेच खाण्यापिण्याला दोष देऊ नका, सूज असताना ते उतरतंच.