शब्दचर्चा : माजी सैनिकांच्या ‘सिमेटरी’ला मराठीत काय म्हणावं?

चिरेबंदी (दापोली)

आमच्या गावच्या शाळेत प्रदर्शन आहे, त्याचे फलक मी लिहून देतोय. विषय आहे ठिकठिकाणच्या सैनिकांच्या दफनभूमी. अमेरिकेतल्या आर्लिंग्टनच्या फोटोखाली मी लिहिलं, ‘हुतात्म्यांची स्मशानभूमी’. लिहिताना काही खटकलं नाही. संध्याकाळी शेजारचे हवालदारकाका ओटीवर आले. एकाहत्तरच्या लढाईत होते. चष्मा कपाळावर सारून त्यांनी कागद डोळ्यांपाशी नेला, त्या दोन शब्दांवर बोट ठेवलं आणि विचारलं, “हे सगळे लढाईत गेले?”

म्हटलं, नाही काका, बरेचसे घरी परत येऊन म्हातारपणी गेलेले.

“मग हुतात्मे कसे? आणि यांना जाळलंय की पुरलंय?”

“पुरलंय.”

“मग स्मशान कसं रे?”

कागद मी परत घेतला. त्यांचं दोन्ही बाबतीत बरोबर आहे. आर्लिंग्टनच्या बाबतीत तर हा फरक कायद्यातच दिसतो. १८६२ मध्ये, यादवी युद्ध चालू असताना, राष्ट्रीय दफनभूमींसाठी जमीन घ्यायची परवानगी मिळाली ती देशाच्या सेवेत असताना मरणाऱ्या सैनिकांसाठी. आर्लिंग्टनमध्ये पहिलं दफन झालं मे १८६४ मध्ये, आणि तेही शत्रुपक्षाचा सेनापती रॉबर्ट ली याच्या कुटुंबाच्या जमिनीवर. १८७२ मध्ये निराधार अवस्थेत मरणाऱ्या जुन्या सैनिकांना जागा देऊ केली. १८७३ मध्ये त्या युद्धात लढून सन्मानाने सेवामुक्त झालेल्या सगळ्यांना. म्हणजे अकरा वर्षांत अशी जागा फक्त रणात पडलेल्यांची न राहता, सैन्यात राहून आलेल्यांचीही झाली. आज आर्लिंग्टनमध्ये चार लाखांवर माणसं विसावली आहेत.

मराठीत आपल्याकडे ‘धारातीर्थी पडणे’ आहे, ‘कामी येणे’ आहे, ‘वीरगती’ आहे. तलवारीच्या धारेलाच तीर्थ म्हणणारी आपली भाषा. पण हे सगळे शब्द पडलेल्याचे आहेत. पेन्शन घेऊन, नातवंडं बघून गेलेल्या सैनिकाच्या विसाव्याच्या जागेला काय म्हणायचं? शब्द सुचवा. फलक सोमवारी लागणार आहेत.

निरुक्त

हवालदारकाकांचा मुद्दा वापराच्या दृष्टीने पक्का आहे, व्युत्पत्तीच्या दृष्टीने मात्र गंमत आहे. मूळ संस्कृत शब्द ‘श्मशान’. मराठीने त्याचा ‘स्मशान’ केला, बोलीने ‘मसण’. प्राचीन व्युत्पत्तिकार यास्काने त्याच्या ‘निरुक्त’ ग्रंथात फोड दिली आहे ती अशी : श्म म्हणजे शरीर, आणि श्मशान म्हणजे श्मशयन. शरीर निजवायची जागा. जाळण्याचा त्यात उल्लेखही नाही. आणि इंग्रजी ‘सिमेटरी’ ज्या ग्रीक शब्दावरून आला त्याचाही अर्थ निजायची जागा! यास्काची फोड आजचे भाषाशास्त्रज्ञ मानतीलच असं नाही, पण ती कल्पना किती जुनी आहे ते त्यातून कळतं.

तरीही फलकावर ‘स्मशान’ नको. शब्दाचा अर्थ मुळात नसतो, लोकांच्या तोंडात असतो. ‘स्मशान’ म्हटलं की आपल्याला नदीकाठची शेड आणि लाकडं दिसतात. शिवाय ‘मसणात जा’ ही शिवी आपण विसरू शकत नाही.

‘हुतात्मा’बद्दल : हा शब्द सावरकरांनी रूढ केला. हुत म्हणजे अग्नीत आहुती दिलेला. ज्याने प्राण दिले त्यालाच तो लावावा. जो जिवंत परतला त्याला हुतात्मा म्हणणं हा त्याच्यावर आणि जो परतला नाही त्याच्यावरही अन्याय आहे.

कातळसडा

चिरेबंदी, तुमच्या गावात बसून हा प्रश्न पडावा हे मला फार योग्य वाटलं. दापोली १८१८ नंतर इंग्रजांचं दक्षिण कोकणातलं लष्करी ठाणं झाली. अजून लोक ‘कॅम्प दापोली’ म्हणतात ते त्यामुळेच. १८४० मध्ये नियमित पलटणी हलवल्या आणि १८५७ पर्यंत तिथे ठेवली ती ‘वेटरन बटालियन’, म्हणजे जुन्या शिपायांची पलटण. पुढेही पेन्शनर सैनिकांची वस्ती तिथे राहिलीच. डॉ. आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ सैन्यातून निवृत्त झाल्यावर काही काळ दापोलीतच येऊन राहिले होते. तेव्हा ‘व्हेटरन’ हा शब्द कोकणाला नवा नाही, फक्त आपण त्याचं मराठी कधी केलं नाही. घरोघरी ‘पेन्शनर’ म्हटलं आणि भागलं.

एक गोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. ‘व्हेटरन’ लॅटिन ‘वेतुस’वरून येतो, वेतुस म्हणजे जुना, वर्षं पाहिलेला. त्याच मुळापासून संस्कृतचं ‘वत्सर’ म्हणजे वर्ष, आणि ‘वत्स’ म्हणजे वर्षभराचं वासरू. आपलं वासरू आणि त्यांचा व्हेटरन एकाच गोठ्यातले!

माझं मत ‘माजी सैनिक’ला. सरकारी वाटला तरी हा शब्द सैनिकांनीच आपलासा केला आहे. ‘सेवानिवृत्त’ नको, तो कारकुनालाही लागतो.

घाटाखालचा

दोन जागा वेगळ्या ठेवा, एवढंच सुचवतो. खडकीची वॉर सिमेटरी मी पाहिली आहे. तिथे दुसऱ्या महायुद्धातल्या १६६८ जणांच्या कबरी आहेत. हिरवळीवर सगळे दगड एकाच उंचीचे, कमरेच्याही खाली, वर पलटणीचं चिन्ह, खाली नाव आणि वय. मेजरचा दगड शिपायाच्या दगडापेक्षा बोटभरही उंच नाही. हे १९१७ मध्ये स्थापन झालेल्या इंपीरियल वॉर ग्रेव्हज कमिशनचं तत्त्व : हुद्दा, धर्म, पैसा बघायचा नाही. तिथे फक्त ठरावीक तारखांच्या आत गेलेले आहेत, माजी सैनिक नाहीत. म्हणून खडकीला ‘युद्ध दफनभूमी’ म्हणा, आर्लिंग्टनला नको.

आणि फलकावर जागा असेल तर हेही लिहा, की ते समानतेचं तत्त्व सगळ्यांना सारखं मिळालं नाही. आमच्या आजीच्या तोंडी ‘बसऱ्याची लढाई’ होती, पहिल्या महायुद्धातली मेसोपोटेमियाची, म्हणजे आजच्या इराकमधली. मराठा पलटणी तिथे होत्या. बसऱ्याच्या स्मारकावर इंग्रज शिपायाचं नाव कोरलं, हिंदी अधिकाऱ्याचं कोरलं, पण साध्या हिंदी शिपायाचा फक्त आकडा. २०२१ मध्ये कमिशनच्याच अहवालाने मान्य केलं की ४५,००० ते ५४,००० जणांची स्मृती अशी असमान राखली गेली. त्यांत आपले बरेच. आकडा हा शब्द त्या दिवसापासून मला टोचतो.

खलाशाची नात

दगडावरच बोलताय सगळे. आमच्याकडचे पुरुष बोटीवर. रत्नागिरीच्या किनाऱ्यावरची किती घरं पिढ्यान्‌पिढ्या बोटींवर जगली, आणि युद्धात टॉर्पेडो लागला की त्यांत गोरा-काळा नव्हता. माझ्या आजोबांचे चुलते दुसऱ्या महायुद्धात बोटीबरोबर गेले. घरात कोणी ‘शहीद झाले’ म्हणत नसे. ‘दर्यात राहिले’ म्हणत. कबर नाही, म्हणून आजी जुम्म्याला कबरस्तानात नाही, जेट्टीवर जायची.

मुंबईत मस्जिद बंदरला खलाशांच्या जुन्या सेलर्स होममध्ये स्मारक आहे. पहिल्या महायुद्धात समुद्रात गेलेल्या दोन हजारांहून जास्त खलाशांची नावं तिथे नोंदलेली आहेत, दुसऱ्याची सुमारे सहा हजार. ज्यांना समुद्राखेरीज दुसरी कबर नाही अशांची. तेव्हा ‘भूमी’ शब्दाने आमची माणसं बाहेर राहतात, हे लक्षात असू द्या. ‘स्मारक’ चालेल. आमच्या घरात ‘यादगार’ म्हणतात.

चिरेबंदी (दापोली)

ताई, हे माझ्या डोक्यातच नव्हतं. त्या खलाशांचा स्वतंत्र फलक करतो, आणि तुमची हरकत नसेल तर ‘दर्यात राहिले’ हे शब्द जसेच्या तसे वर घालतो.

खलाशाची नात

घाला. आजीचं नाव मात्र नको.

वीरगळवेडा

आपल्याकडे युद्धात पडलेल्यांचा दगड होता, हे कोणीच का म्हणत नाही? वीरगळ! शब्द कन्नडमधून आला, ‘वीरगल्लु’, कल्लु म्हणजे दगड. कोकणात तर दर्यावरची लढाईही दगडावर आहे. बोरिवलीजवळ एक्सरला जा. वीरगळांवर वल्ह्यांची जहाजं रांगेने कोरलेली आहेत, खाली लढाई, वर अप्सरा वीराला नेताहेत, सर्वांत वर शिवलिंगाची पूजा. एका माणसाचं मरण मजल्यामजल्याने वर जातं. किती देवळांच्या आवारात असे दगड शेंदूर फासून ‘वीर’ म्हणून पुजले जातात आणि नाव कोणालाच ठाऊक नसतं.

पण वीरगळ हा खूण आहे, दफन नव्हे, आणि तोही पडलेल्याचाच. माणगाव तालुक्यातले नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ ला इटलीत पडले, मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे ब्रिटिशांचं सर्वोच्च शौर्यपदक, मिळाला. त्यांचं नाव कसिनोच्या स्मारकावर आहे, म्हणजे ओळखीची कबरच नाही. माणगावात त्यांचा पुतळा आहे. मी त्या पुतळ्याला आजचा वीरगळ म्हणतो.

निरुक्त

वीरगळवेडा, तुमच्या मुद्द्याला जोडून ‘छत्री’. चितेच्या जागी बांधलेली घुमटी, हा तिचा आपला जुना अर्थ. पावसाची छत्री त्याच शब्दाची बहीण. पहिल्या महायुद्धात इंग्लंडात ब्रायटनच्या इस्पितळांत वारलेल्या ५३ हिंदू आणि शीख सैनिकांना तिथल्या टेकडीवर अग्नी दिला. १९२१ मध्ये त्या जागी संगमरवरी स्मारक उभं राहिलं, आणि त्याचं नाव इंग्रजीतही ‘छत्री’च आहे. त्यांना त्यांच्या भाषेत शब्द सापडला नाही, त्यांनी आपला घेतला. जाळलेल्या सैनिकाच्या जागेला आपल्याकडे हा शब्द तयार आहे. पुरलेल्याच्या जागेला ‘दफनभूमी’. ‘दफन’ अरबी आहे म्हणून त्याला परका मानू नका, ‘सरदार’, ‘हवालदार’, ‘पलटण’ यांतला कोणता शब्द इथे उगवलाय?

चिरेबंदी (दापोली)

सर्वांचे आभार. नवे फलक लिहिले. खडकी : ‘युद्ध दफनभूमी’. ब्रायटन : ‘छत्री’. एक्सर : ‘वीरगळ’. मस्जिद बंदर : ‘दर्यात राहिलेल्यांचं स्मारक’. आर्लिंग्टनला लिहिलं ‘माजी सैनिकांची दफनभूमी’ आणि हवालदारकाकांना वाचून दाखवलं.

त्यांनी पुन्हा चष्मा सारला. “यांच्यात लढाईत गेलेलेपण आहेत ना?”

“आहेत.”

“मग ते ‘माजी’ कसे? ते तर नोकरीत असतानाच गेले.” थोडा वेळ थांबून म्हणाले, “दोघं शेजारी-शेजारी निजलेत ना? तसंच लिही.”

फलकावर आता आहे : ‘सैनिकांची आणि माजी सैनिकांची दफनभूमी, आर्लिंग्टन’. ओळ लांब झाली, म्हणून अक्षर जरा लहान करावं लागलं.