सिमल्यापुढील डोंगरप्रवास : वडिलांना घोड्यावर बसवावे का?

प्रश्न (परभणी) : मे महिन्यात आई-वडिलांना घेऊन काल्का ते सिमला रेल्वेने, तेथून नारकंडामार्गे जलोरी खिंडीपर्यंत मोटारीने आणि मध्ये कुठेतरी देवदाराच्या रानातून घोड्यावर जाण्याचा विचार आहे. वडील 68 वर्षांचे असून त्यांचे गुडघे दुखतात, पण घोड्यावर बसण्याची त्यांची फार जुनी इच्छा आहे. ती पुरवणे शहाणपणाचे ठरेल का?

उत्तर (छत्रपती संभाजीनगर) : सचखंड एक्सप्रेसने परभणीहून थेट अंबाल्याला उतरून काल्का गाठता येते. 1903 साली सुरू झालेला, रुळांमधील अंतर जेमतेम 762 मिलिमीटर असलेला काल्का-सिमला हा 96 किलोमीटरचा मार्ग 656 मीटरवरून 2,076 मीटरवर नेण्यास पाच तासांहून अधिक वेळ घेतो. हा संथपणा वयस्करांच्या पथ्यावर पडतो. जलोरी खिंड मात्र 3,120 मीटरवर आहे. तेथील चढ-उतार इतके तीव्र आहेत की गाडी पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्येच ठेवावी लागते. आपल्याकडचा कन्नडचा घाट सरावाचा असला, तरी चालक स्थानिकच घ्यावा.

उत्तर (लोहा, जि. नांदेड) : आमच्या घरात तीन पिढ्यांपासून घोडी आहेत, म्हणून केवळ घोड्याबद्दल लिहितो. भाडे ठरवण्याआधी खोगीर उचलून पाठ पाहावी. ती सोललेली असेल किंवा जनावर लंगडत असेल, तर त्यावर कोणालाही बसवू नये, कारण दुखावलेले जनावर उतारावर हमखास अडखळते. तंग, म्हणजे खोगीर आवळणारा पोटाखालचा पट्टा, स्वतः ओढून पाहावा. रिकिबीत पाऊल पूर्ण घालू नये, चवड्यापुरतेच ठेवावे, म्हणजे पडल्यास पाय अडकत नाही. चढावर पुढे झुकावे, उतारावर मागे रेलावे. ओझे वाहून सवयलेली खेचरे दरीच्या कडेने चालतात, कारण आतल्या बाजूने गेल्यास ओझे कड्याला घासते. तेव्हा घाबरून लगाम ओढू नये. आपल्या वडिलांसाठी रिकिबीचे पट्टे लांब सोडावेत, गुडघा कमी वाकतो, आणि अर्ध्या-अर्ध्या तासाने त्यांना खाली उतरवावे. खरा त्रास उतरतानाच होतो, म्हणून उंच दगड किंवा ओटा पाहूनच थांबावे.

प्रश्नकर्ता : मनःपूर्वक आभार. निघण्यापूर्वी त्यांना एकदा बसवून पाहता येईल का?

उत्तर (लोहा) : अवश्य आणावे. आमची म्हातारी घोडी माळेगावच्या यात्रेतून आणलेली असून अतिशय शांत आहे. अंगणात ओटाही आहे.

प्रश्नकर्ता : वडिलांना सांगितले. या रविवारी आम्ही येतो.