मुलींच्या फुटबॉल फायनलला तिकीट लावायचं की प्रवेश फुकटच ठेवायचा?

गोलकीपरची_आई, बडोदे

नमस्कार मंडळी. आमच्या घरात आठवडाभर याच विषयावर वाद चालू आहे, म्हणून इथे विचारते.

माझी मुलगी चौदा वर्षांची आहे, गोलकीपर आहे. रोज संध्याकाळी पोलो ग्राउंडवर प्रॅक्टिसला जाते. गेल्या वर्षी आम्ही सहा-सात पालकांनी मिळून मुलींची एक छोटी स्पर्धा भरवली. सहा संघ, दोन दिवस. फायनलसाठी हौसेने पायऱ्यांची गॅलरी असलेलं मोठं मैदान घेतलं. प्रवेश फुकट. रंगीत पास छापले आणि ४०० वाटले. शाळेत दिले, सोसायटीत दिले, दांडिया बाजारातल्या ओळखीच्या दुकानांत ठेवले. ज्याला दिला त्याने हसून घेतला, "नक्की येतो" म्हणाला.

फायनल झाली. घरी येताना ॲक्टिव्हावर मागे बसलेली मुलगी म्हणाली, "आई, ७१." मला काही कळेना. तर म्हणे, "पहिल्या हाफमध्ये बॉल माझ्याकडे आलाच नाही, म्हणून मी माणसं मोजली. आपले घरचे धरून ७१."

ते ७१ अजून माझ्या डोक्यातून जात नाहीत. त्यात ती माणसं एका जागी बसलेली नव्हती. जिथे सावली मिळाली तिथे दोघं इथे, चौघं तिथे. आमच्या मुलींनी गोल केला तेव्हा टाळ्या वाजल्या, पण त्या सुट्या सुट्या. समोरच्या बाजूला वाजलेली टाळी अलीकडे पोचलीच नाही.

या डिसेंबरात पुन्हा स्पर्धा घेतोय. मी म्हणते, या वेळी २० रुपये का होईना, तिकीट लावू. बाकीचे पालक म्हणतात, फुकट असून कुणी आलं नाही, पैसे देऊन कोण येणार? मला नेमकं उलटं वाटतं. आपल्याकडच्या गरब्याचंच बघा. ज्याने पास विकत घेतलाय तो नऊच्या नऊ रात्री जातो, अंगात कणकण असली तरी जातो. आणि कुणी दिलेला फुकटचा पास कोजागिरीपर्यंत फ्रिजवर तसाच लावलेला असतो.

गेले काही दिवस मी बाहेरच्या देशांतल्या महिला सामन्यांबद्दल वाचतेय. १९९५ चा महिला विश्वचषक स्वीडनमध्ये झाला, त्याच्या फायनलला १७,१५८ प्रेक्षक होते. चारच वर्षांनी, १९९९ मध्ये, अमेरिकेत रोझ बाउल स्टेडियमवर अमेरिका-चीन फायनल झाली आणि प्रेक्षक ९०,१८५! देश वेगळा, संघ वेगळा, हे मान्य. यजमान फायनलमध्ये होते हेही मान्य. पण ती गर्दी आपोआप जमली नव्हती. तिथल्या संयोजकांनी आधीपासून मोठी स्टेडियम धरली आणि खेळाडू स्वतः मुलींच्या फुटबॉल शिबिरांत जाऊन "सामना बघायला या" म्हणून सांगत फिरल्या. हे वाचल्यापासून मला वाटायला लागलंय की प्रेक्षक नसतात असं नाही, आपल्याला त्यांना बोलवता येत नाही.

कुणी असे सामने प्रत्यक्ष पाहिले असतील, किंवा कुठल्याही खेळाची तिकिटं विकली असतील, तर सांगा. तिकीट लावू का? आणि मैदान कोणतं घेऊ?

———

मूळ_रावपुरा_आता_सिडनी

ताई, ते ७१ वाचून गलबलून आलं. माझं बालपण रावपुऱ्यात गेलं, पोलो ग्राउंडवर मीही फुटबॉल खेळलोय.

२० जुलै २०२३ ला मी इथे स्टेडियम ऑस्ट्रेलियात होतो. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडने मिळून भरवलेला महिला फुटबॉल विश्वचषक, ऑस्ट्रेलिया विरुद्ध आयर्लंड, यजमानांचा पहिला सामना. हा सामना आधी इथल्याच दुसऱ्या, जेमतेम निम्म्या क्षमतेच्या स्टेडियमवर ठरला होता. तिकिटांची मागणी इतकी वाढली की सहा महिने आधी, जानेवारीतच, तो मोठ्या स्टेडियमला हलवला. त्या दिवशी ७५,७८४ प्रेक्षक आले. मजा म्हणजे, सगळ्यांना जिला बघायचं होतं ती कर्णधार सॅम कर पोटरीच्या दुखापतीमुळे खेळणार नाही, हे सामन्याच्या थोडंच आधी जाहीर झालं. तरी कुणी उठून गेलं नाही. माझ्या पुढच्या रांगेत एक आजोबा होते, सोबत दोन नाती. नातींच्या पाठीवर तिचंच नाव. धाकटी रडायला लागली. आजोबांनी तिला खांद्यावर घेतलं आणि ऑस्ट्रेलियाच्या स्टेफ कॅटलीने पेनल्टीवर गोल केला तेव्हा तीच सगळ्यात मोठ्याने ओरडली. ऑस्ट्रेलिया १-० ने जिंकली.

आता दुसरी बाजू. त्याच दिवशी ऑकलंडला न्यूझीलंडने नॉर्वेला हरवलं, तिथे ४२,१३७ माणसं होती. पण न्यूझीलंडमधल्या इतर सामन्यांची तिकिटं उचलली जात नव्हती, म्हणून एका प्रायोजकाने तिथल्या चार शहरांत २०,००० तिकिटं फुकट दिली. डनेडिनमध्ये इतर देशांच्या सामन्यांना बऱ्याच खुर्च्या रिकाम्या दिसायच्या, आणि यजमान संघ खेळला त्या दिवशी तेच मैदान भरलं. म्हणजे मैदान तेच, शहर तेच. लोकांना आपलं कुणीतरी मैदानात लागतं.

मैदानाबद्दल सांगतो. इंग्लंडमध्ये २०२२ च्या महिला युरोला, म्हणजे युरोपातल्या देशांच्या स्पर्धेला, दोन्ही टोकं दिसली. उद्घाटनाचा सामना ओल्ड ट्रॅफर्डवर, ६८,८७१ प्रेक्षक. आणि त्याच मँचेस्टरमध्ये काही सामने जेमतेम ४,७०० जागांच्या मैदानावर ठेवले होते. आइसलंडच्या सारा ब्योर्क गुन्नार्सदोत्तिर या खेळाडूने आधीच उघड नाराजी व्यक्त केली होती, हा आमचा अपमान आहे म्हणून. मैदान लहान निवडलं की आलेला माणूस परत जातो, मोठं निवडलं की आलेला माणूस हरवतो. तुमचं दुसरं झालं. या वर्षी लहान घ्या, आणि तिकीट नक्की लावा.

———

होळकर_स्टेडियम_पूर्व_गॅलरी, इंदूर

फुटबॉलचं मला फारसं कळत नाही, पण तिकिटाचं सांगू शकतो. गेल्या ऑक्टोबरात, २०२५ च्या महिला क्रिकेट विश्वचषकाचे पाच सामने आमच्या होळकर स्टेडियमवर झाले. तिकिटं १०० रुपयांपासून होती. एवढ्या पैशांत आमच्या सराफ्यातल्या खाऊगल्लीत दोन माणसांचं धड खाणंही होत नाही.

१ ऑक्टोबरला ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंड होता, मी मुलाला घेऊन गेलो. बुधवार, ऐन नवरात्र. माझ्या आजूबाजूला पाय पसरून बसता येईल इतकी जागा. १९ तारखेला भारत-इंग्लंड, रविवार, दिवाळीच्या तोंडावर. त्या दिवशी आत शिरायलाच वेळ लागला. स्मृतीने ८८ केल्या, हरमनप्रीतने ७०, दीप्तीने ५०, आणि आपण ४ धावांनी हरलो. शेवटच्या ओव्हरला माझ्या शेजारच्या बाई देवाचं नाव घेत उभ्या होत्या. घरी दिवाळीचा फराळ अर्धवट टाकून आल्या होत्या, असं त्यांनीच सांगितलं.

तेव्हा ताई, १०० रुपयांनी कुणाला आणलं नाही आणि कुणाला अडवलंही नाही. सिडनीकर म्हणतात तेच खरं, मैदानात आपलं माणूस हवं. तुमच्या फायनलला कोण खेळतंय हे त्या ४०० लोकांना माहीत तरी होतं का?

———

स्पष्ट_बोलतो

वाईट वाटून घेऊ नका, पण कुठे रोझ बाउल आणि कुठे आपलं गाव. हिंदुस्थानात मुलींचं फुटबॉल बघायला पैसे कोण देणार? २०२२ चा महिला फुटबॉलचा आशिया चषक आपल्याकडेच झाला, मुंबई-पुण्यात. कुणाला आठवतो तरी का?

———

निवृत्त_पीटी_सर, लष्कर, ग्वाल्हेर

आठवत कसा नाही? पण बघायचा कसा होता, ते सांगा. जानेवारी २०२२ म्हणजे कोरोनाची लाट. प्रेक्षकांना दार बंद. आपला संघ इराणशी ०-० बरोबरीत सुटला, मग संघातच इतक्या मुली आजारी पडल्या की चिनी तैपेईविरुद्ध (म्हणजे तैवानविरुद्ध) उभ्या करायला पुरेशा खेळाडू नव्हत्या, आणि आपण स्पर्धेतूनच बाहेर पडलो. बंद दाराच्या स्पर्धेवरून लोकांची आवड मोजणं बरोबर नाही.

बंद दारावरून आठवलं, म्हणून थोडं लांबण लावतो. मी तीस वर्षं पीटी शिकवलं. मुलींच्या खेळाला प्रेक्षक नसतात, हे वाक्य दर वर्षी स्टाफरूममध्ये ऐकलं. ते किती खरं, ते बघा. २६ डिसेंबर १९२० ला लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर डिक, कर लेडीज या संघाचा सामना झाला. प्रेस्टनच्या 'डिक, कर' कारखान्यात काम करणाऱ्या मुलींचा संघ. पहिल्या महायुद्धात कारखान्यात गेलेल्या मुली जेवणाच्या सुट्टीत बॉल खेळायच्या, त्यातून तो उभा राहिला. सामने चॅरिटीचे असायचे. त्या दिवशी ५३,००० लोक आत आणि हजारो बाहेर. एक वर्षही झालं नाही, तोच ५ डिसेंबर १९२१ ला इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने आपल्या क्लबांना फर्मान काढलं की तुमची मैदानं बायकांना द्यायची नाहीत. हा खेळ बायकांना शोभत नाही, हे कारण. ही बंदी सुमारे पन्नास वर्षं राहिली. ज्यांच्याकडे ५३,००० माणसं येत होती त्यांना बागेत, मोकळ्या पटांगणात खेळायला लावलं, आणि मग पन्नास वर्षं म्हणत राहिले की यांना बघायला कोण येतं!

१९७१ मध्ये मेक्सिकोत महिलांची एक जागतिक स्पर्धा झाली. फिफाची, म्हणजे जागतिक फुटबॉल संघटनेची, मान्यता नव्हती. फायनल अझ्टेका स्टेडियमवर, डेन्मार्कने मेक्सिकोला ३-० ने हरवलं. प्रेक्षक एक लाखाच्या वर होते. फिफाचा पहिला महिला विश्वचषक व्हायला त्यानंतर वीस वर्षं गेली, १९९१ उजाडलं.

ताई, एक अनुभवाचं सांगतो. तिकिटं विकली गेली आणि माणसं आली, या दोन गोष्टी वेगळ्या धरा. नोव्हेंबर २०१९ ला लंडनच्या वेम्बली स्टेडियमवर इंग्लंड-जर्मनी महिलांचा सामना होता. तिकिटं संपली होती, तरी प्रत्यक्ष आले ७७,७६८. हजारो तिकीटवाले घरीच राहिले. तिथे ही गत, तर फुकटच्या पासाचं काय घेऊन बसलात. शाळेच्या गॅदरिंगला मी ३०० खुर्च्या असल्या की ३३० तिकिटं द्यायचो. कधी कुणाला उभं राहावं लागलं नाही.

———

गोलकीपरची_आई, बडोदे

सगळ्यांचे मनापासून आभार. रात्री जेवणानंतर सगळी उत्तरं मोठ्याने वाचून दाखवली. कारखान्यातल्या मुलींचं आलं तेव्हा मुलगी पोळीचा घास हातात धरून ऐकत होती. मग तिने विचारलं, "म्हणजे त्यांनी काहीच चूक केली नव्हती?" मी म्हटलं, नाही. ती उठून हात धुवायला गेली. उत्तर तिला पटलं नसावं, आणि मलाही त्याहून बरं उत्तर सुचलं नाही.

इंदूरचे भाऊ, तुमच्या प्रश्नाने माझी झोप गेली. कोण खेळतंय हे खरंच कुणाला माहीत नव्हतं. मी कपाटातून गेल्या वर्षीचा पास काढून पाहिला. त्यावर पुरस्कर्त्याचं नाव आहे, प्रमुख पाहुण्यांचं नाव आहे, मैदानाचा पत्ता आहे, वर एका फुटबॉलचं चित्र आहे. एकाही मुलीचं नाव नाही. मीच तो मजकूर लिहून दिला होता.

स्पष्ट बोलणाऱ्या दादांना एवढंच सांगते. ३० ऑक्टोबर २०२२ ला सतरा वर्षांखालील मुलींच्या विश्वचषकाची फायनल नवी मुंबईला होती, स्पेन-कोलंबिया. मी आणि मुलगी रात्रीच्या गाडीने बडोद्याहून गेलो. स्पेनने १-० ने जिंकली. आपल्या मुली तिन्ही सामने हरून आधीच बाहेर पडल्या होत्या, एक सामना तर अमेरिकेकडून ८-० ने. तरीही आमच्यासारखी कितीतरी माणसं मुलींना घेऊन आली होती. त्या रात्रीपासून माझ्या मुलीने गोलमध्ये उभं राहायचं ठरवलं. म्हणून पैसे कोण देणार, याचं एक उत्तर माझ्या घरात आहे.

काल पालकांची बैठक झाली. तीन तास चालली, मध्ये सेव उसळ मागवावी लागली. असं ठरलं की फायनल मोठ्या मैदानावर नाही. एका शाळेचं पटांगण मिळतंय, तिन्ही बाजूंनी भिंत, त्यामुळे टाळ्या आतच राहतील. तिकीट २० रुपये, दहा वर्षांखालच्यांना मोठ्यांबरोबर मोफत. आणि दर तिकिटावर एका मुलीचं नाव, तिची खेळायची जागा आणि जर्सीचा नंबर. 'गोलकीपर, नंबर १' असं. प्रत्येक मुलीने आपल्या नावाची दहा तिकिटं आपल्या गल्लीत, आपल्या शाळेत स्वतः जाऊन विकायची. एका बाबांना हे पसंत नव्हतं, मुलींनी दारोदार जाऊ नये म्हणाले. त्यांची मुलगीच म्हणाली, "बाबा, गणपतीची वर्गणी मागायला मी जाते तेव्हा चालतं ना?" मग ते काही बोलले नाहीत.

आमच्या आजींनी पहिलं तिकीट घेतलं. मी म्हटलं, तुम्हाला कशाला तिकीट, तुम्ही घरच्याच. त्या म्हणाल्या, "मागच्या वेळी फुकट होतं तर मी गुडघ्याचं निमित्त करून घरी राहिले." पदराच्या गाठीतून दहा-दहाच्या दोन नोटा काढून नातीच्या हातावर ठेवल्या. म्हणजे त्या ७१ मध्ये आजी नव्हत्याच, हे मला काल समजलं.

ग्वाल्हेरचे सर, आता एक शेवटचं विचारते. फायनलच्या दोन संघांच्या मिळून मुली २८, म्हणजे तिकिटं २८० होतात. पटांगणात खुर्च्या २५० बसतात. तुमच्या हिशोबाने एवढ्या पुरतील ना, की भिंतीकडेने दोन बाकं मागवून ठेवू?