‘मायेवर विजय’ की काबिजाद?

जास्वंद :
दिवाळी अंकासाठी एक लेख अनुवादित करतेय. विषय असा, की स्पॅनिशांनी युकातान आणि ग्वाटेमालातला माया लोकांचा मुलूख कसा घेतला. मी शीर्षक दिलं होतं ‘मायांवर स्पॅनिश विजय’. मुद्रितशोधकांनी ‘मायेवर’ केलं. आता वाचणाऱ्याला वाटेल, कुणी स्पॅनिश महाराज वेदान्तावर प्रवचन देताहेत. ते मी भांडून सुधारून घेईन, पण खरी अडचण ‘विजय’ची आहे. मूळ स्पॅनिश शब्द ‘कॉन्क्विस्ता’, म्हणजे मुलूख जिंकून घेणं. त्याला काय म्हणावं?

कानामात्रा :
‘माया लोक’ लिहा, भांडण मिटेल. नाहीतर शिंपीही म्हणेल, दोन बोटं माया सोडा.

घाटावरचा :
‘विजय’ नकोच. विजयाला तारीख लागते. इथे कोणती देणार? स्पॅनिश सरदार आल्वारादोने ग्वाटेमालातल्या किचे या माया लोकांची राजधानी जाळली 1524 मध्ये. दुसरा स्पॅनिश सरदार मोंतेहो युकातानात उतरला 1527 ला, आणि तिथे मेरिदा शहर वसवायला त्याच्या लेकाला 1542 उजाडलं. चार वर्षांत, 1546 च्या अखेरीस, पूर्वेकडचे माया उठले. पेतेन इत्सा सरोवरातल्या बेटावर इत्सा या माया लोकांची राजधानी होती, नोहपेतेन. ती पडली 13 मार्च 1697 ला. आपल्याकडे तेव्हा राजाराम महाराज जिंजीच्या वेढ्यात होते! म्हणजे पावणेदोनशे वर्षं झाली की.

शिवाय ‘मायांवर’ तरी कसं म्हणणार? ‘आपण सगळे माया’ अशी ओळख तेव्हा नव्हतीच. काक्चिकेल हेही माया, पण ते आधी आल्वारादोच्या बाजूने किचेंवर चालून गेले. मग त्याची सोन्याची मागणी काही संपेना, तेव्हा त्याच वर्षी आपली राजधानी इशिम्चे सोडून डोंगरात गेले आणि त्याच्यावर उलटले. युकातानात मानीचं शिऊ हे माया घराणं मोंतेहोंना मिळालेलं. ‘स्पॅनिश विरुद्ध माया’ असा सरळ सामना मांडला तर हे लोक कुठे बसवणार?

फोंडेकर :
जास्वंदताई, शब्द घरातच आहे. गोव्यात काबीज केलेल्या मुलखाला जुनी काबिजाद आणि नवी काबिजाद म्हणतात. तिसवाडी, बारदेस, सासष्टी जुन्या काबिजादीत. फोंडा, पेडणे, डिचोली, सत्तरी, काणकोण वगैरे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात पोर्तुगीजांकडे गेले, ते नव्या. पोर्तुगीज कागदात याच ‘नोव्हास कॉन्किस्तास’. तुमच्या ‘कॉन्क्विस्ता’ची सख्खी बहीणच. माझी आजी ‘आम्ही नव्या काबिजादीतले’ असं तालुका सांगावा तसं सहज सांगायची. ‘विजय’ हा जिंकणाऱ्याच्या तोंडचा शब्द. काबिजाद ज्याच्या जमिनीवर झाली, तोही ती म्हणू शकतो.

कानामात्रा :
फोंडेकर, हा शब्द आमच्या शाळेच्या पुस्तकात एकदाही आला नाही हो.

त्रिज्या :
खुद्द स्पेनच्या दरबारालाही ‘कॉन्क्विस्ता’ नकोसा झाला होता! फिलिप दुसऱ्याच्या 1573 च्या हुकुमात तो शब्द वापरू नये, ‘पासिफिकासिओन’ म्हणावं असं आहे. शब्दशः ‘शांतता प्रस्थापित करणे’. या शब्दासाठी माझं मत ‘बंदोबस्त’ला. पोलिसांचाही बंदोबस्त, उंदरांचाही बंदोबस्त. हुकूम काढणाऱ्याच्या मनातलं सगळं त्यात येतं.

याच जातीचं आणखी एक नाव त्याआधीचं. ग्वाटेमालाच्या उत्तरेला तेसुलुत्लानचा मुलूख हाती येईना, म्हणून स्पॅनिश त्याला ‘लढाईचा मुलूख’ म्हणत. लास कासास हा पाद्री आणि त्याच्या डॉमिनिकन पंथाचे इतर पाद्री सैनिकांना बाहेर ठेवून तिथे शिरले. मग 1547 मध्ये त्याच मुलखाचं नाव झालं वेरापास, म्हणजे ‘खरी शांती’. याचं भाषांतर कंसात जरूर द्या, विनोद तिथेच आहे.

आणि लेखात ‘रेदुक्सिओन’ आलं असेल तर ‘घट’ लिहू नका. विखुरलेल्या वस्त्या मोडून माणसांना चर्चभोवती आखून दिलेल्या गावात आणून बसवायचं, त्याचं ते नाव. मी ‘पुनर्वसन’ लिहीन. धरणात गाव गेलेला माणूस हा शब्द कसा उच्चारतो, ते ऐकलं असेल तर का ते कळेल.

जास्वंद :
बंदोबस्त घेतला, पुनर्वसनही घेतलं. मग 1546 ला ‘बंड’ म्हणू?

घाटावरचा :
बंड करायला आधी कुणाचा तरी अंमल मानलेला असावा लागतो. पूर्वेकडच्यांनी तो मानलाय, ही स्पॅनिशांची समजूत. ‘उठाव’ लिहा. इत्सांच्या बाबतीत तर उठावही नाही. 1697 पर्यंत ते कुणाच्या अंमलाखाली नव्हतेच, मग उठणार कुणाविरुद्ध? तिथे साधा ‘प्रतिकार’.

त्रिज्या :
लेख 1847 पर्यंत येतो का? त्या वर्षी युकातानात माया उठले आणि ते प्रकरण 1901 पर्यंत चाललं. त्याचं नाव ‘गेर्रा दे कास्तास’. मराठीत कुठेतरी ‘जातियुद्ध’ वाचलं आणि कपाळावर हात मारला. ‘कास्ता’ म्हणजे वंश, कूळ. पोर्तुगीज इथे आले, आपल्या जाती पाहून त्यांनी हाच शब्द चिकटवला, आणि त्यावरून इंग्रजीत ‘कास्ट’ झालं. तिकडे मात्र गोरे, मेस्तिसो (मिश्र रक्ताचे), इंडियो (मूळ रहिवासी) अशी रक्तावरून पाडलेली वर्गवारी. आपल्याकडून फिरून गेलेला अर्थ तिकडे लादू नये.

जास्वंद :
शेवटच्या परिच्छेदात आहे. ‘कास्तांचं युद्ध’ ठेवते. शीर्षक ‘माया मुलखाची काबिजाद’ असं पाठवलं. संपादकांचा लगेच फोन, ‘घाटावर हे कुणाला कळणार?’

घाटावरचा :
मला कळलं.

फोंडेकर :
तळटीप द्या. आमचे तालुकेही येऊ देत त्यात.