औष्णिक केंद्रांना आरशांची जोड द्यावी का?

वाफारा:
कोळसा की सौर, यावर इथे पुष्कळ वाद झाले. दोन्ही एकत्र चालवण्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही, म्हणून हा धागा.

औष्णिक केंद्रात बॉयलरमध्ये जाणारं पाणी आधी तापवून घेतात. त्यासाठी टर्बाइनमधली थोडी वाफ मधूनच काढून घ्यावी लागते. तेच पाणी आरशांनी एकवटलेल्या उन्हावर तापवलं, तर ती वाफ टर्बाइनमध्येच राहते. मग तेवढ्याच कोळशात वीज जास्त मिळते, किंवा तेवढ्याच विजेला कोळसा कमी लागतो. पाणी दोन-अडीचशे अंशांपर्यंतच न्यायचं असतं, त्यामुळे ऊन उंच मनोऱ्यावर एकवटावं लागत नाही, की उष्णता वितळलेल्या मिठात साठवावी लागत नाही. जमिनीलगत आरशांच्या रांगा पुरतात. टर्बाइन, जनित्र, पारेषण वाहिन्या आधीच उभ्या आहेत. आपले कोळशाचे संच अजून बरीच वर्षं चालणार, हे सगळ्यांनाच माहीत आहे. मग तोवर जळणारा कोळसा थोडा तरी कमी का करू नये?

रोखठोक:
कारण हे करून झालंय आणि सोडूनही झालंय. ऑस्ट्रेलियातलं लिडेल केंद्र २००० मेगावॅटचं. तिथे २०१२ साली बसवलेल्या आरशांची क्षमता ९.३ मेगावॅट, आणि तीही उष्णतेची. विजेत मोजली तर जेमतेम तीन, म्हणजे हजारात दीड. ते केंद्र २०२३ मध्ये बंद झालं. तिथल्याच क्वीन्सलँडमधल्या कोगन क्रीक केंद्राला ४४ मेगावॅटची सौर जोड द्यायची होती. काम अर्धवट असतानाच २०१६ मध्ये प्रकल्प गुंडाळला. अशा जोडीचा खरा उपयोग एकच: कोळशाच्या केंद्राला हिरवा रंग फासायला.

वाफारा:
दोन्ही उदाहरणं कोळशाची दिलीत. नैसर्गिक वायूवरची का सोडलीत? अल्जीरियातल्या हासी रमेलला १५० मेगावॅटपैकी साधारण २५ मेगावॅट उन्हाचे आहेत. मोरोक्कोत ऐन बेनी मथारला ४७० पैकी २०. आरशांची वाफ तिथे वायूच्या केंद्रातल्या वाफेच्या टर्बाइनला जाते.

रोखठोक:
ते वाळवंट आहे हो. आणि राजस्थानातलं मथानियाचं नियोजित केंद्र विसरलात का? १४० मेगावॅट, त्यात ३५ सौर, जागतिक पर्यावरण निधीचं अनुदानही मंजूर. तरी उभं राहिलं नाही, कारण सोबतचं पारंपरिक इंधनच परवडेना. जोडी केली की दोघांच्याही अडचणी अंगावर येतात.

राखेतला:
मी औष्णिक केंद्राच्या वसाहतीत वाढलो. दोरीवरचे कपडे झटकल्याशिवाय घडी करता यायचे नाहीत. अंगणातल्या तुळशीच्या पानावरून बोट फिरवलं की करडी रेघ उमटायची. ती राख आरशांवरही बसणार. आरसे धुवायला पाणी लागणार, आणि २०१५ साली परळीचं केंद्र पाण्याअभावीच बंद ठेवावं लागलं होतं. शिवाय ढगाळ उजेडात सौर पॅनेल थोडी तरी वीज देतं, आरशाला मात्र थेट किरण लागतात. विदर्भातल्या पावसाळ्यात किती दिवस मिळतील असे? वाफारा, तुमचं तांत्रिक गणित बरोबर आहे, पण जागा चुकली.

लातूरची:
जागा चुकली, हे अगदी पटलं. आमच्या लातूरला दूध डेअरीत १६० चौरस मीटरची आरशांची मोठी तबकडी बसवली होती. ती सूर्याबरोबर फिरायची, दाबाखालचं पाणी तापवायची, आणि त्या उष्णतेवर दुधाचं पाश्चरीकरण व्हायचं. शिर्डीच्या प्रसादालयावर २००९ साली ७३ तबकड्या लागल्या, त्यांच्या वाफेवर भात-डाळ शिजते. जोड इथेही पारंपरिक बॉयलरशीच आहे. पण वाफेची वीज करताना दोन तृतीयांश उष्णता वाया जाते, ती इथे जात नाही.

वाफारा:
एका डेअरीनं राज्याचा किती कोळसा वाचणार? एका मोठ्या संचाचा कोळसा शेकडा एकनं कमी झाला, तरी तो कितीतरी डेअऱ्यांच्या इंधनाहून जास्त भरेल.

लातूरची:
एक डेअरी कशाला धरता? इचलकरंजी-सोलापूरच्या कापड रंगाईच्या कारखान्यांत वाफेसाठी बॉयलर पेटलेले असतात. त्यांना लागणारी उष्णता तबकडीच्या आवाक्यातली आहे. पावसाळ्यात बॉयलर पूर्ण चालवायचा, उन्हाळ्यात त्याचं इंधन कमी करायचं.

रोखठोक:
याला माझा विरोध नाही. फक्त कारखानदाराला खर्च किती वर्षांत फिटेल ते आधी दाखवा, आणि तबकडी बिघडली तर दुरुस्तीला गावात कोण येणार, तेही.